बॅड आइसच्या पहिल्या रेकॉर्डचा वेग

"अजून हळू," केल्विन म्हणाला.

लीड्सच्या स्टुडिओत बँडची जुनी टेप नव्या आवृत्तीसाठी साफ करणाऱ्या इमोजेनने गोल बटण डावीकडे किंचित फिरवलं. स्पीकरमधला माणूस पुन्हा तेच वाक्य बोलला. चहात साखर कुणी घातली नाही, असं काहीतरी. मघाशी तो कार्टूनमधल्या उंदरासारखा बोलत होता, तेव्हा इमोजेन हसली होती. केल्विन हसला नव्हता.

"अजून."

"इतकं? मशीन बिघडलेलं वाटेल," ती म्हणाली.

"अजून थोडं. हां. थांबा."

ती थांबली. स्पीकरमधून रसेल स्टॅग, बॅड आइस बँडचा गायक, सगळ्यांचा रस, बोलत होता. एकोणीस वर्षांचा, ग्रिम्सबीचा, भरीव, जरासा घोगरा आवाज. चहात साखर का नाही म्हणून बेस वाजवणाऱ्या होवर्डच्या आईला लाडीगोडी लावत होता. केल्विन डोळे मिटून ऐकत होता. हा आवाज त्याने शेवटचा कधी ऐकला होता, ते त्याला सांगता आलं नसतं. गेली सात वर्षं रसला गळ्यावर यंत्र टेकवूनच बोलावं लागत होतं.

"हा खरा वेग," केल्विन म्हणाला. "रस असा बोलायचा."

इमोजेनने बटणाकडे पाहिलं. मग केल्विनकडे. "मग गाणी पण ह्याच वेगाने," ती म्हणाली.

•

जलद:

एकोणऐंशीचा फेब्रुवारी ग्रिम्सबीचा फिश डॉक जाळी ठेवायचा जुना माळा वीज तोडलेली छत गळतंय चौघंजण रस गातो होवर्ड बेस इयन गिटार केल्विन ड्रम पैसे नाहीत स्टुडिओ नाही होवर्डच्या काकाचा डिझेल जनरेटर मासळीच्या हातगाडीवरून आणला दोरी ओढली धूर झाला टेप चालू एक दोन तीन चार बारा गाणी एका दुपारात बोटं बधिर चहा आला साखर नाही टेप पाकिटात पाकीट पोस्टात रेकॉर्ड आली लावली बाप रे आपण एवढे फास्ट होतो.

•

खरंच, रेकॉर्ड घरी आली तेव्हा चौघंही तसंच म्हणाले होते. होवर्डच्या आईच्या बैठकीत चौघं गालिच्यावर बसले, सुई टेकली, आणि एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहिले. घाबरून वाजवलं असेल, असं इयन म्हणाला. घाबरला की माणूस पळतोच. रसने आरशात पाहून छाती फुगवली. आपला आवाज इतका उंच जातो हे त्याला माहीत नव्हतं. केल्विनने नुसते स्वतःचे हात पाहिले. रेकॉर्डचं नाव होतं 'नो टाइड', आणि महिन्याभरात ती लिव्हरपूलपासून लंडनपर्यंत पोरांच्या खोल्यांत वाजत होती. देशात इतक्या वेगात कुणी वाजवत नाही, असं छापून आलं.

पंचाईत नंतर सुरू झाली. लोक तिकीट काढून यायचे ते रेकॉर्डवरचा वेग ऐकायला. पहिल्या दोन कार्यक्रमांत बिअरचे प्लास्टिकचे पेले स्टेजवर आले. "झोपलात का रे?" असं समोरून ओरडा आला. मग त्यांनी सराव केला. त्याच माळ्यावर, ती रेकॉर्ड लावून, तिच्या मागे धावत. केल्विनने हलक्या काड्या घेतल्या. मनगटांना इलॅस्टिकच्या पट्ट्या बांधल्या. रसने सगळी गाणी एक पट्टी वर चढवली आणि गाताना त्याच्या मानेवर दोऱ्या उठू लागल्या.

दुसरी रेकॉर्ड, 'हार्डर', लंडनच्या चांगल्या स्टुडिओत झाली. तिथल्या माणसाने आधी 'नो टाइड' लावली आणि म्हणाला, हे हवं, पण जास्त. त्यांनी जास्त दिलं. त्या रेकॉर्डवर केल्विनचे हात कुठे कुठे ऐकू येत नाहीत, नुसती खडखड येते, पत्र्याच्या छपरावर गारा पडाव्यात तशी. समीक्षकांना त्यात बेकारीचा संताप दिसला. संताप होताही, पण ती खडखड मनगटांची होती.

तिसऱ्या रेकॉर्डच्या वेळी रसचा घसा फाटलेला होता. तो गाईना, बोलू लागला. मागे कीबोर्ड आला. 'सॉल्ट'ला सगळ्यांनी परिपक्व म्हटलं. अर्धी गाणी झाली असताना, शेफील्डहून परतताना व्हॅनमध्ये, रसने पुढच्या सीटवरून मागे न वळता सांगितलं, "केल्व, तू मागे पडतोस. आम्ही दुसरा बघतोय." केल्विनने विचारलं, गाडी थांबवता का, मला लागलीय. थांबवली. तो परत येऊन बसला आणि व्हॅन पुढे निघाली.

चौथ्या रेकॉर्डवर ड्रम मशीन होतं. मग बँड संपला.

केल्विन कोल्ड स्टोअरमध्ये फोर्कलिफ्ट चालवू लागला. मनगटं तोवर कामातून गेली होती, आणि फोर्कलिफ्टला मनगटं कमी लागतात. गावात मात्र त्याचं नाव राहून गेलं. आजही ग्रिम्सबीत कुणाचा ड्रमर रेंगाळला की बाकीचे म्हणतात, "ए, केल्विन करू नकोस." म्हणणाऱ्या पोरांपैकी बऱ्याच जणांना केल्विन नावाचा कुणी माणूस आहे हे ठाऊक नसतं. एकदा तो पबमध्ये बाजूच्याच टेबलावर बसला असताना असं झालं. त्याने बिअर संपवली, ग्लास काउंटरवर नेऊन ठेवला, आणि घरी गेला.

•

इमोजेनने पहिलं गाणं खऱ्या वेगाने लावलं.

केल्विनला आधी ते गाणं ओळखू आलं नाही. मग ओळखलं. बेस पोटात लागत होता. इयनच्या गिटारला वजन होतं. रस ओरडत नव्हता, गात होता. रागावलेला होता, पण घाई नव्हती त्याला, दारात उभा राहून सगळ्यांची वाट अडवणाऱ्या माणसासारखा. आणि ड्रम. दोन ठोक्यांच्या मध्ये जागा होती. त्या जागेत केल्विन काय करतोय ते ऐकू येत होतं. माणसाच्या हातांना जमेल असं होतं ते. तिथे तो कुठेही मागे पडत नव्हता.

"तिथे वीज कसली होती?" इमोजेनने विचारलं.

केल्विनने जनरेटरचं सांगितलं. डॉकवरचा, जुना. अँप्लिफायर लावला की धापा टाकायचा.

ती खुर्चीत मागे टेकली. जनरेटर मंदावला तशी टेपची मोटर मंदावली, असं तिने समजावलं. हळू फिरणाऱ्या टेपवर भरलं, आणि रेकॉर्ड काढणाऱ्यांनी ती नेहमीच्या वेगाने फिरवली. मग सगळंच पळालं. आवाज वर चढला. दहात एक भाग तरी.

"म्हणजे आम्ही कधीच..."

"कधीच नाही," ती म्हणाली. "कुणीच इतकं फास्ट नव्हतं, केल्विन. तुम्हीसुद्धा."

ती पुढे बोलत राहिली. नवी आवृत्ती शरद ऋतूत यायची होती. कंपनी दोन्हीपैकी कुठलाही वेग काढायला तयार होईल, खऱ्या वेगाची तर बातमी होईल. होवर्ड वारला होता. ऑस्ट्रेलियात गेलेला इयन उत्तरं देत नव्हता. तेव्हा केल्विन आणि रसेलने ठरवायचं. तिने दोन गाणी एका छोट्या प्लेअरवर भरून दिली. केल्विनने तो कोटाच्या आतल्या खिशात ठेवला आणि लीड्सहून येताना गाडीत दोनदा चाचपून पाहिला.

•

क्लीथॉर्प्सला, समुद्राकडे पाठ केलेल्या इमारतीत, तळमजल्यावर रस राहत होता. ऑपरेशननंतर त्याच्या गळ्यावर राहिलेल्या छिद्रापुढे जाळीचा रुमाल असे. डॉक्टर सिगारेटींना दोष देत. रस गाण्यांना देई, आणि त्यात एक अभिमान असे.

त्याने यंत्र गळ्याला लावलं. "तोंड का असं झालंय तुझं? लॉटरी लागली का?" यंत्रातून सगळे शब्द एकाच सुरात, चक्कीतून आल्यासारखे येत.

केल्विनने चहा केला आणि आधी सगळं सांगितलं. उंदीर, चहा, जनरेटर. रस ऐकत होता. मध्ये त्याने एकदाच विचारलं, होवर्डच्या काकाचा ना तो, निळा? हो, निळा. मग केल्विनने प्लेअर टेबलावर ठेवला आणि गाणं लावलं.

रसने पहिल्या ओळीला डोळे बारीक केले. मग त्याचे ओठ हलू लागले. यंत्र मांडीवर होतं. आवाज नव्हता, फक्त ओठ, आणि गळ्यापाशी रुमाल थोडा थोडा उडत होता. केल्विन त्या ओठांकडे बघत राहिला. ते पुढे पळत होते. टेपवरचा रस ओळीच्या मध्यावर असताना खुर्चीतल्या रसची ओळ संपलेली असे. मग तो तोंड बंद करून थांबे, टेपवरचा पोरगा येईपर्यंत. पुन्हा सुरू करी, पुन्हा पुढे जाई. त्याला हळू करता येत नव्हतं. दुसऱ्या कडव्यात त्याने प्रयत्न केलेला दिसला, आणि तिथे शब्दच चुकले.

गाणं संपलं. रसने यंत्र उचललं.

"हा कोण?"

"तू."

"मला आठवत नाही हा."

"मला आठवतो," केल्विन म्हणाला. "छान गायचास."

रसने खिडकीबाहेर मोटारी लावलेल्या आवाराकडे पाहिलं. मग एकसुरी आवाजात बोलला, मधून मधून श्वास घ्यायला थांबत. अजून माणसं त्याला रस्त्यात थांबवतात. टक्कल पडलेली, नातवंडांचा हात धरलेली. म्हणतात, त्या आवाजाने आम्हाला घराबाहेर काढलं. त्या आवाजाने. ह्या नाही.

"घसा गाण्यापायी गेला," तो म्हणाला, "हे मला चालतं, केल्व. जनरेटरपायी गेला, हे नाही चालत."

केल्विनने प्लेअर बंद केला.

"तुला हळू म्हणून मीच काढलं ना?"

"हो."

"व्हॅनमध्ये."

"हो. शेफील्डहून येताना."

"मग तू ठरव. तुझा हक्क आहे." यंत्र खाली येता येता पुन्हा वर गेलं. "म्हाताऱ्या, साखर घातलीस का रे चहात?"

"घातलीय."

"खोटं बोलतोस. चव लागत नाही मला, पण तू खोटं बोलतोस."

केल्विनने उठून कपात साखर घातली आणि चमचा बराच वेळ फिरवत बसला. निघताना प्लेअर ठेवून जाऊ का, असं त्याने विचारलं. रसने मान हलवली. घेऊन जा.

•

इमोजेनचा फोन आला तेव्हा केल्विन कपडे वाळत घालत होता. तिने विचारलं, काय ठरलं. तो म्हणाला, जुनाच वेग.  मग तिने हळूच विचारलं, निदान कव्हरच्या आत चार ओळी छापूया का, जनरेटरबद्दल. तुमच्याबद्दल.

"नको," केल्विन म्हणाला.

"लोक तुम्हाला उगाच..."

"त्यांना सवय आहे. मलाही."

शरद ऋतूत नवी रेकॉर्ड आली, जाड पुठ्ठ्यात, आत एका प्राध्यापकांचा लेख. बॅड आइसचा आवाज वेगापासून शांततेकडे कसा प्रवास करत गेला, आणि त्यात त्या दशकाची निराशा कशी दिसते, हे त्यांनी नीट मांडलं होतं. केल्विनने लेख वाचला. वाईट नव्हता. रसला ती रेकॉर्ड पोचली की नाही हे कळलं नाही. ती आली त्या आठवड्यात तो हॉस्पिटलात होता, आणि तिथून परत आला नाही. त्याच्या दफनाला बरीच टक्कल पडलेली माणसं आली होती. चॅपलमध्ये 'नो टाइड'मधलं पहिलं गाणं लावलं. सगळे त्या वेगाने पाय आपटत होते. केल्विनला मागच्या बाकावर जागा मिळाली. त्याने पाय हलवला नाही, कारण त्याला जमलं नसतं आणि कुणीतरी पाहिलं असतं.

•

खऱ्या वेगाने:

एकोणऐंशीचा फेब्रुवारी. माळ्यावर थंडी आहे आणि जाळ्यांना अजून मासळीचा वास येतो. कोपऱ्यात निळा जनरेटर धापा टाकतोय. चौघंजण आहेत. कुणालाच घाई नाही. इयन तार लावतो, पुन्हा लावतो. होवर्डची आई जिना चढून चहा आणते, कप टेकवायला जागा नाही म्हणून ड्रमवर टेकवते, आणि केल्विन तिला काही म्हणत नाही. रस त्याच्याकडे वळून बघतो. तू सांग, केल्व, तू म्हणशील तेव्हा सुरू. केल्विन काड्या उचलतो. मनगटं सैल आहेत. तो एकमेकींवर काड्या वाजवून चार मोजतो, आणि दोन मोजण्यांच्या मध्ये पुष्कळ जागा आहे.

•

दुपार होती. केल्विनने घरी जुनी रेकॉर्ड टर्नटेबलवर ठेवली, नवी नाही. सुई टेकवली. रस उंच, पातळ आवाजात ओरडू लागला. केल्विनने खुर्ची जवळ ओढली, उजवा हात डाव्या हाताने धरून पुढे नेला, आणि फिरणाऱ्या रेकॉर्डच्या कडेवर एक बोट अलगद टेकवलं.

आवाज खाली आला. अजून. अजून थोडा. मग रस आला.

बोट थरथरत होतं, म्हणून रसचा आवाजही थरथरत होता. केल्विनने बोट काढलं नाही. बाजू संपली, सुई आतल्या कोऱ्या रेघेत घासू लागली, तरी ते तिथेच होतं.