बुटका ट्रायपॉड

मी एक जुना ट्रायपॉड आहे आणि मित्रांनो, आधीच सांगतो, माझी कीव करू नका. कॅमेरा डोक्यावर घेऊन उभी राहणारी आमची तीन पायांची जात. माझे भाऊबंद माणसाच्या खांद्याला लागतात, मी जेमतेम गुडघ्याला. मला कापलंय आणि त्याचा मला अभिमान आहे.

एकेकाळी मीही उंच होतो. कोपरीच्या फोटोग्राफर त्र्यंबककाकांबरोबर मी पुष्कळ लग्नं केली, म्हणजे इतरांची. हळदीत माझे पाय पिवळे व्हायचे आणि मला अडखळलेले पाहुणे मलाच शिव्या घालायचे. काका थकले तेव्हा त्यांनी मला संचिताला देऊन टाकलं. विठ्ठलवाडीची ही मुलगी कॅमेरा शिकून आली होती आणि तिला आपल्याच चाळीवर माहितीपट करायचा होता.

त्या चाळीतल्या बायका घरात बसून नव्या जीन्सचे लोंबते दोरे कापतात. संचिताची आई कलावतीबाईही त्यांतलीच. पहिल्या दिवसाचं चित्रीकरण आईला दाखवलं, तर ती फणकारली, "अगं, यात मी कुठेय? नुसता भांग दिसतोय माझा!"

"मग वर बघायचं ना गं आई."

"वर बघितलं तर कात्री बोटात घुसेल. तूच खाली बस की!"

संचिता बसली, पण मी कुठला बसतोय? पाय कितीही फाकवले तरी कॅमेरा त्या बायकांच्या डोक्यावरच राहायचा. दुसऱ्या दिवशी तिने मला फॅब्रिकेशनवाल्याकडे नेलं आणि माझे तिन्ही पाय आखूड करून आणले. खोटं कशाला बोलू, मी तिला मनातल्या मनात लाखोली वाहिली. मग कॅमेरा माझ्या डोक्यावर चढला आणि समोर थेट कलावतीबाईंचे डोळे आले. इतकी वर्षं नवरदेवांचे फेटेच पाहिले होते मी. माझा राग तिथेच गळून पडला.

माहितीपट गाजला आणि संचिताला कॅमेरा सांभाळायला पहिला मोठा सिनेमा मिळाला. ठाण्यातल्या एका बंगल्यात शूटिंग होतं. मला बघून सेटवरची पोरं हसली, "हा बुटक्या कुठून आणला रे?" प्रसंग साधा होता. मोलकरीण स्वयंपाकघरात जमिनीवर बसून जेवते. संचिताने मला तिच्यासमोर मांडलं, तेवढ्यात दिग्दर्शक विनीत आला.

"एवढं खाली नको, वरून घे. बिचारी वाटली पाहिजे ती."

"सर, ती जेवतेय. बिचारी कशाला?"

"पब्लिक रडलं पाहिजे, यार! वरून घे, नाहीतर दुसरा कॅमेरामन बोलावतो."

संचिताचा हात माझ्यावर होता.

"बोलवा," ती म्हणाली. तिने कॅमेरा उतरवला, मला काखोटीला मारलं आणि सरळ चालू लागली. विनीतला एक लाथ घालायची मला फार इच्छा होती, पण पाय पुरले नसते.

रिक्षात मात्र ती ढसाढसा रडली. घरी पोचल्यावर कलावतीबाईंनी विचारलं, "गेलं काम?"

"गेलं."

"जाऊ दे. हातपाय धू, जेवायला बस."

दोघी जमिनीवर बसून जेवल्या. त्या क्षणी त्यांना बिचारी म्हणायची कुणाची छाती झाली नसती.

आता संचिता त्याच चाळीत स्वतःचा कथापट करतेय. मुख्य भूमिकेत आहे शेजारची रंभामावशी. पहिलंच दृश्य बघून मावशी डोळे विस्फारून म्हणाली, "अगं बाई, ही मीच का? किती ताठ बसलेय!"

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू शेवटी हात जोडून विनवतात की आम्हाला जपा, पुसा, अडगळीत टाकू नका. मी नाही विनवणार. माझा गंज माझा मी बघून घेईन. तुम्ही फक्त बसलेल्या माणसाकडे पाहण्याआधी खाली बसा. गुडघे दुखतील थोडे, दुखू देत. माझे तर पायच कापलेत.