बियाण्याची कोनफळं

सालीचं कापड करायला तुतीची ओली साल ओंडक्यावर पसरून फाताई आणि लुपे समोरासमोर बसल्या होत्या. लाकडी मोगऱ्या एकाआड एक पडत होत्या. वावाऊ बेटावरच्या त्यांच्या गावात दोघी शेजारणी चाळीस वर्षं अशाच साल झोडत आलेल्या. फाताईची नात कालो ऑकलंडहून कॅमेरा घेऊन आली होती. आजीचा सगळा जन्म तिला फिल्ममध्ये धरून ठेवायचा होता.

"आजी, वादळाच्या वर्षाचं सांग की."

"काय सांगू बाई. घरांची छपरं गेली, नीरफणसाची झाडं मुळासकट आडवी झाली. लागवडीला म्हनून लोकांनी बियाण्याची कोनफळं तेवढी जपली हुती."

"मग तुम्ही काय खाल्लं?"

आजवर कुणी विचारलं की 'देवानं दिलं' म्हणून फाताई मोकळी व्हायची. पण ही फिल्म तिच्यामागं राहणार होती. मेल्यावरही आपण खोटंच बोलत राहणार, हे तिच्या मनात आलं आणि तिची मोगरी थांबली.

"चोरून खाल्लं," ती मान खाली घालून म्हणाली. "ह्या लुपेच्याच खोपटातली कोनफळं उचलली म्या. पोरं दोन दिस उपाशी हुती. पोटात आग पडली की हात कुठं जातो ते कळत न्हाई. आळ दुसऱ्याच मानसावर आला. चर्चच्या अंगणात गावानं त्याला उभा केला. म्या तितंच बसले हुते, पर तोंड उघडलं न्हाई. त्यो गाव सोडून गेला."

लुपेचीही मोगरी थांबली. कालोनं घाबरून कॅमेरा खाली घेतला.

"ऱ्हाऊ दे वर," लुपे म्हणाली. आवाज चढला नव्हता. "म्या त्याला दारात उभा केला न्हाई. परमुलखात मेला, तर चोराच्या मातीला कशाला जायचं म्हनून गेले न्हाई."

"लुपे, माझं चुकलं गं..."

"त्ये मागनं बघू. दुसरा मानूस म्हंजी कोन? नाव घे त्याचं."

"पेनी."

"कुनाचा कोन?"

"तुझा भाऊ. पेनीनं चोरी केली न्हाई. म्या केली."

"मोठ्यानं बोल. पोरीच्या यंत्राकडं बघून."

फाताईनं वर बघून पुन्हा सांगितलं.

साल वाळू लागली होती. वाळली की फाटते. लुपेनं फाताईकडचं टोक आपल्याकडं ओढून घेतलं आणि एकटीच झोडू लागली. फाताई मोगरी मांडीवर घेऊन तशीच बसली. ऊठ म्हणून लुपे म्हणाली नाही, आणि बस म्हणूनही म्हणाली नाही.