देवापासून चाळीस काठ्या

एकतीस सालचा वैशाख निम्मा सरला तरी आमच्या खारेपाटात कुणाचं शेत कुठं हे ठरत नव्हतं, आणि माझा पाय घरात ठरत नव्हता. गेल्या पावसाळ्यात बांध फुटला, खाडी आत आली आणि जाताना सगळीकडे एकसारखा चिखल पसरून गेली. हद्दीचे दगडसुद्धा राहिले नाहीत. सरकारी मोजणीदाराची वाट बघावी तर पेरणी हुकणार. येसाजी पाटलांनी ठरवलं, देवापासून मोजायचं.

ही आमची जुनीच रीत. देव म्हणजे सुरुवात. तिथून खाडीकडे किती काठ्या आणि मिठागराकडे किती काठ्या, एवढं सांगितलं की जागा सापडलीच पाहिजे. मोजायचे नामाभावजी, माझे चुलतदीर. हात सरळ, तोंड बंद.

मलाही असे दोन आकडे पाठ होते. खाडीकडे चाळीस, मिठागराकडे नऊ. पाच वर्षांमागे आमच्या शेताच्या त्या कोपऱ्यात माझी पाच महिन्यांची काशी पुरली होती. खूण म्हणून दगड ठेवला तर भरती नेईल, म्हणून भावजींनी काठी टाकून जागा मोजली. पोरीलाही तिथवर त्यांनीच उचलून नेलं होतं. "वयनी, ह्ये दोन आकडे ध्यानात ठेव," म्हणाले. ठेवले. दळताना, लावणी करताना मनात तेच चालायचं.

मोजणीच्या दिवशी देवळाच्या पायरीपासून काठी पडत गेली. एकेकाचं शेत निघालं. माझं सगळ्यात शेवटचं, ते निघालं खाडीच्या पाण्यात. माझी खरी जागा नामाभावजींच्या वाट्याला आली. आणि वर, जुन्या चाफ्यापाशी, एक अख्खी पट्टी उरली. ती म्हणे देवाची. म्हणजे पाटलांची.

"खाडीनं तुजं खाल्लं, राही," पाटील म्हणाले. "नशीब तुजं."

नशीब कसलं डोंबलाचं! तीन वर्षांमागेपर्यंत देव चाफ्याखाली होता. पाटलांनी नवं देऊळ बांधलं आणि देवाला एक शेतभर खाडीकडे आणलं. सगळ्या गावानं पालखीला खांदा दिला होता. पण बांध फुटल्यापासून त्यावर कुणी अवाक्षर काढत नव्हतं. देव हलला म्हटलं की बांध फोडणारा त्याचा कोप कुणामुळे झाला हेही विचारावं लागलं असतं. शिवाय जो तो तेवढीच जमीन घेऊन घरी जात होता. सगळ्यांचं सारखंच सरकलं, तर ओरडणार कोण? मी एकटी. नवरा मुंबईला गोदीत, आणि सासूबाई माझा पदर मागे ओढत होत्या.

"गप ऱ्हा गो. देवावर बोलू नको."

"मी न्हाय बोलत देवावर." मी पदर सोडवून घेतला. "भावजी, शेत ऱ्हाऊ द्या. चाळीस नि नऊ, तेवढं मोजा."

भावजी काठीचा चिखल पुसायला लागले.

"तुमीच मोजलं व्हतं ना? मग माजी काशी कुटं हाय ती दाखवा. पान्यात हाय, का तुमच्या नांगराखाली?"

"पोरीचं काय काढलंस आता?" पाटील कडाडले. "देव हितंच हाय. पयल्यापासून."

भावजींनी पायरीपासून मोजायला घेतलं. मी मागोमाग. पाण्याशी पोचले तेव्हा चाळीसातल्या काठ्या अजून शिल्लक होत्या. ते तसेच थांबले. मग वळले, देऊळ ओलांडून थेट चाफ्यापाशी गेले आणि काठीचं टोक चिखलात रोवलं.

"पोर पान्यात न्हाय," ते म्हणाले. "देव हितं व्हता. मीच उचलला व्हता."

पाटील ओरडत सुटले. भावजींनी पहिली काठी टाकली. मी मोठ्यानं मोजायला लागले, सगळ्या गावाला ऐकू जाईल असं.

चाळीस नि नऊवर चिखल वाळून त्याला भेगा पडल्या होत्या. मी तिथं बसले. बांध फुटल्यापासून पहिल्यांदाच मला कुठं जायचं नव्हतं.