मेल्यावरही तोंड नको

बाप गेल्याचं तेजस्विनीला शेजारणीच्या मोबाइलवरून कळलं. स्टेटसला सावळेरामांचा फेट्यातला फोटो होता आणि खाली लिहिलं होतं, 'भावपूर्ण श्रद्धांजली'. माहेरून कुणाचा फोन आला नव्हता.

दुसऱ्या जातीच्या अमृतशी लग्न करून ती ओतूरला राहत होती, त्याला आठ महिने झाले होते. मध्ये एकदा बाप आणि भाऊ भरत कोयते घेऊन आले आणि दार फोडून गेले. तेव्हापासून हायकोर्टाच्या आदेशानं तिला आणि अमृतला पोलीस संरक्षण होतं. दिवसा रुपाली नावाची कॉन्स्टेबल दाराशी खुर्ची टाकून बसायची.

"जाऊ नकोस," अमृत म्हणाला.

"बाप हाय माझा."

रुपालीनं साहेबांना विचारून जीप मागवली. अमृतला मात्र घरीच थांबायला सांगितलं.

पिंपरी पेंढारला जीप पोचली तेव्हा अंगणात तिरडी बांधून तयार होती. बायकांचं रडणं तिला बघताच थांबलं. सावळेरामांच्या तोंडावर पांढरं फडकं होतं. एकेक जण यायचा, आई फडकं सारायची, तो तोंडात चमचाभर पाणी घालायचा. तेजस्विनी पुढं झाली तशी आईनं फडकं दोन्ही हातांनी दाबून धरलं.

"आई, पाणी घालू दे."

आईनं मान वर केली नाही. "मेल्यावरबी तिला माझं तोंड दावू नका म्हणून शपथ घातलीया त्यांनी."

तेजस्विनीनं रुपालीकडं पाहिलं. रुपाली हळूच म्हणाली, "ताई, कोर्टानं तुमच्या जिवाचं सांगितलंय. तोंड दाखवा म्हणून आम्ही कुणाला सांगू शकत नाही."

मग तेजस्विनीनं स्वतःच फडक्याला हात घातला. तोच भरतनं तिला केसाला धरून मागं ओढलं आणि कानाखाली अशी वाजवली की ती तुळशीवृंदावनावर जाऊन आपटली. ओठ फाटला. अंगणात शंभर माणूस होतं. कुणी जागचं हललं नाही.

रुपालीनं आणि ड्रायव्हरनं भरतला आवळून धरलं. "ताई, तुम्ही बोला. तक्रार दिलीत तर याला आत्ताच घेऊन जाते."

तेव्हा कुठं आई उठली. लेकीच्या तोंडाकडं न बघताच तिनं तिचे पाय धरले. "त्याला नेऊ नका गं. एकुलता एक हाय. बापाला अग्नी कोण देईल?"

तेजस्विनीनं पदरानं रक्त पुसलं. "तोंड दाव. मग मला कुणी मारलं न्हाई."

आईनं तिरडीकडं पाहिलं. मग पाय सोडून म्हणाली, "शपथ हाय."

"लिहा, मॅडम," तेजस्विनी म्हणाली. "माझ्या भावानं मारलं."

भरतला जीपमध्ये कोंबताना तो बापाच्या नावानं ओरडत होता. ते ऐकताना तिला बरं वाटलं. चुलते गेणभाऊंनी अग्नी दिला. जाळ दिसेल तिथवर ती गेली, पण बायकांनी तिला जवळ येऊ दिलं नाही.

भरत दोन दिवसांनी जामिनावर सुटला. कोर्टानं संरक्षण आणखी सहा महिने वाढवलं आणि त्याला तिच्या घराच्या शंभर मीटरच्या आत यायची बंदी घातली. त्यानं अंतर बरोबर मोजून घेतलं. रोज सकाळी रस्त्याच्या टोकावरच्या टपरीवर तो भादरलेलं डोकं घेऊन बसतो, चहा पितो आणि तिच्या खिडकीकडं बघत राहतो.

रुपालीनं एकदा विचारलं, "काही बोलतो का?"

"न्हाई," तेजस्विनी म्हणाली. "सहा महिनं कधी संपतील त्याची वाट बघतोय."