आधी बाबा, मग कॅमेरा

मी एक जुनी चाकांची खुर्ची आहे. नाक मुरडू नका हं, मित्रांनो! मी सिनेमात काम केलंय. पडद्यावर कधी दिसले नाही, ती गोष्ट वेगळी.

मला आणलं ते बाबांसाठी. बाटल्यांच्या कारखान्यात, भट्टीपुढे त्यांनी उभं आयुष्य काढलं. पुढे पायांनी साथ सोडली, पण तोरा तसाच राहिला. त्यांची लेक सिनेमे बनवायची. त्यात ना नाचगाणी, ना हाणामाऱ्या, ना नावाजलेले नट. साध्या माणसांचे, स्वतःच्या हिमतीवर काढलेले सिनेमे. कॅमेरा सरकवायला रूळ लागतात, ते कुठून आणणार? एक दिवस तिची नजर माझ्या चाकांवर गेली.

"बाबा, तासभर खुर्ची द्याल?"

"म्हणजे माझे पायच घेऊन चाललीस की!" असं कुरकुरत बाबा पलंगावर सरकले.

तेव्हापासून माझी दुहेरी नोकरी सुरू झाली. आधी बाबा, मग कॅमेरा. लेक कॅमेरा घेऊन माझ्यात बसायची आणि तिची मैत्रीण मला ढकलायची. बघणारे म्हणायचे, "हिचा कॅमेरा काय अलगद सरकतो!" अहो, सरकत होते मी!

मग बाबांचा कारखाना पाडायचं ठरलं. लेकीनं त्यावरच सिनेमा काढायला घेतला. शेवटचा शॉट रिकाम्या शेडमध्ये घ्यायचा होता. बाबाही हट्टानं आले.

"बाबा, जरा त्या बाकावर बसता?" लेकीनं विचारलं.

"माझ्या भट्टीसमोर मी बाकावर आणि खुर्चीत तू? हट्! आण तो कॅमेरा इकडे."

लेकीनं कॅमेरा त्यांच्या हातात दिला आणि स्वतः मला ढकलू लागली. मी चाकांचा आवाजसुद्धा होऊ दिला नाही. बाबांचे हात मात्र थरथरत होते.

सिनेमा पुरा झाला. थिएटरांत सिनेमे लावणारा एक बडा वितरक घरी आला. "झकास झालाय," तो म्हणाला. "गावोगावी लावतो. फक्त तो शेवटचा हलणारा शॉट काढून टाका. लोक म्हणतील, कॅमेरा कुणा शिकाऊ माणसाच्या हातात दिला होता."

बाबा आत झोपले होते. लेकीचा एकही सिनेमा तोवर थिएटरात लागला नव्हता. माझा तर जीव टांगणीला लागला.

"शॉट राहणार," ती म्हणाली.

"मग सिनेमाही घरातच राहणार," असं म्हणून तो चालता झाला.

पण घरात राहील ती लेक कसली! तिनं एका शाळेचं सभागृह मिळवलं आणि कारखान्यातल्या सगळ्या जुन्या माणसांना बोलावलं. बाबांना घेऊन मी पहिल्या रांगेत होते. शेवटी भट्टी आली, तिच्यामागची काळवंडलेली खिडकी आली. सगळा पडदा थरथरत होता. बाबा एकदम ओरडले, "अरे, हे मी घेतलंय! मी!"

"कळलं रे, तुझाच हात तो!" मागून कुणीतरी म्हणालं. सभागृह हसलं, मग टाळ्यांचा नुसता कडकडाट झाला. लेक हसत हसत डोळे पुसत होती. आणि मला इतका आनंद झाला म्हणून सांगू!

मित्रांनो, आमच्यासारख्यांच्या चाकांना अधूनमधून तेल घाला, एवढंच मागणं. आणि कुणाची खुर्ची ढकलायची वेळ आली, तर हात लावण्याआधी बसलेल्या माणसाला विचारा, त्याला काय बघायचंय.