परतीचं पान

आमच्या कचेरीत तिला कुणी छापील नावानं हाक मारत नाही. मुखपृष्ठावर तिचं नाव मोठं भारदस्त आहे, पण आम्ही तिला झुंबड म्हणतो. "आज झुंबडीची किती पानं झाली?" असं साहेब, म्हणजे आमचे संपादक, विचारतात आणि मी "होतील तेव्हा होतील" असं सांगते. एकोणीस वर्षं मी या चित्रकथेला शाई देते आहे. आमचा चित्रकार लांब्या आधी पेन्सिलीनं चित्र काढतो, मी त्यावर टाक आणि कुंचला चालवते, मग पेन्सिल खोडली जाते आणि कागदावर उरतं ते माझं. लोकांना वाटतं मी नुसतं गिरवते. गिरवायला मी काय बालवाडीत आहे?

झुंबड ही तशी साधी बाई, घरोघर टपाल वाटणारी. संकट आलं की ती एकाची दोन होते, दोनाची चार, फार तर बारा. एक आगीत शिरते, एक पुलावर धावते, एक पोरांना घेऊन पळते. अंकाच्या शेवटच्या पानावर सगळ्या परत येतात आणि एकेक करून मूळ बाईच्या अंगात शिरतात. याला आम्ही परतीचं पान म्हणतो. शिरताना प्रत्येकीनं बाहेर जे पाहिलं, जे सोसलं, ते सगळं मूळ बाईला एका दमात मिळतं. कुणाचा पोळलेला हात, कुणी खाल्लेली शिवी, कुणाच्या कडेवर झोपलेलं मूल. वाचकांना तेच पान सगळ्यात जास्त आवडतं.

त्या पानाचा एक नियम आहे. शाई एका बैठकीत द्यायची, मध्ये उठायचं नाही. माझ्या आधी शाईकाम करणाऱ्या आजोबांनी तो घालून दिला. कारण साधं आहे. उठून आलं की हात बदलतो, रेघ जाड-बारीक होते आणि बारा जणी एकाच बाईच्या वाटत नाहीत. आजोबा स्वतः त्या दिवशी सकाळपासून पाणीसुद्धा प्यायचे नाहीत.

दुसरी गोष्ट नियमातली नाही, आमच्या आळसातली आहे. मागच्या रांगेतल्या चेहऱ्यांवर लांब्या वेळ घालवत नाही. तो अंड्यासारखा गोल काढतो आणि "भर तू" म्हणून मोकळा होतो. मीही डोकं चालवत नाही, टेबलावरच्या आरशात बघते आणि माझाच चेहरा भरते. बारावी, सगळ्यात मागची, डाव्या कोपऱ्यातली, ती नेहमी मी असते. नखाएवढ्या तोंडात कुणाला काय कळणार? लांब्यालाही कधी कळलं नाही. त्याला स्वतःच्या बुटांपलीकडे काही दिसत नाही.

घरी आई आहे. दोन वर्षांपूर्वी तिची डावी बाजू गेली आणि तेव्हापासून ती पलंगावर आहे. बोलणं जरा जड झालं, पण डोकं तल्लख आहे आणि जीभ माझ्यासारखीच तिखट. मी कचेरीत असताना तिला बघायला एक बाई यायच्या. मी संध्याकाळी घरी पोचायचे ती वैतागूनच. तिला भरवायचं, पुसायचं, कूस बदलायची, आणि हे सगळं करताना माझं तोंड वाकडं असायचं. मला ते कळायचं. तिलाही कळायचं.

त्या दिवशी मी परतीच्या पानाला बसले होते. बारा जणींचं पान. अकरा झाल्या होत्या, बारावीसाठी टाक शाईत बुडवला आणि फोनवर बाईंचा निरोप आला. "दुसरीकडे काम मिळालं. आत्ताच निघते आहे. किल्ली शेजारच्या काकूंकडे." बस, एवढंच. आई एकटी, दुपारची वेळ, तिला उठून पाणीही घेता येत नाही. समोर पान, तिकडे आई. मी इथे असू की तिथे, या एका विचारात मी टाक हातात धरून किती वेळ बसले कोण जाणे. मग उठले.

धावत पळत घरी पोचले तर आई शांत. तोंड पुसलेलं, केस विंचरलेले, उशाशी रिकामी वाटी.

"काकू येऊन गेल्या का?" मी विचारलं.

"काकू कशाला? तूच तर भरवलंस मघाशी," ती म्हणाली. "आज चिडली नाहीस, बरं वाटलं."

ग्लानीत बोलते आहे असं मी धरलं. दुसऱ्या दिवशी कचेरीत गेले तर पान छापायला गेलेलं. लांब्यानं शहाणपणा करून पेन्सिल खोडली होती आणि पान धाडून दिलं होतं. प्रत बघितली. अकरा जणी शिरत होत्या. डाव्या कोपऱ्यात कोरा कागद.

"एक राहिली," मी साहेबांना म्हटलं.

"बारा काय आणि अकरा काय, कोण मोजत बसलंय?" साहेब म्हणाले. खरंच कुणी मोजलं नाही. वाचकांचं एकही पत्र आलं नाही.

नवी बाई मिळेना. मी उशाशी पाणी आणि बिस्किटं ठेवून निघायचे आणि काकूंना मधून डोकवायला सांगायचे. पण संध्याकाळी घरी यावं तर बिस्किटं तशीच, आणि मोरीत दोन कप धुऊन पालथे घातलेले. चादर बदललेली. आईच्या पायांना कोमट तेलाचा वास. काकूंना विचारलं तर त्या हसल्या. "थट्टा करतेस होय? रोज बाराला तूच येतेस की! मी म्हटलं, बरी सुट्टी देतात तुला."

आधी मला वाटलं काकूंची नजर गेली. मग वाटलं माझं डोकं गेलं. आणि खरं सांगायचं तर तिसऱ्या-चौथ्या दिवशी मला सुटल्यासारखंही वाटलं. कुणी का असेना, आई उपाशी राहत नव्हती. मी कचेरीत दुपारी निवांत डबा खाऊ लागले. लांब्याच्या फालतू विनोदांना हसू लागले. असे पंधरा-वीस दिवस गेले आणि याची मला आज लाज वाटते.

मग एकदा अर्धी रजा टाकली आणि बाराच्या सुमाराला घरी गेले. आमचं घर दुसऱ्या मजल्यावर आहे, स्वयंपाकघराची खिडकी बाहेरच्या सज्जात उघडते. तिथून आईच्या पलंगाकडे वाकून बघितलं.

ती आईच्या पायथ्याशी बसली होती. माझा चेहरा, माझे खांदे, माझी बसायची पद्धतही. आईची पोटरी मांडीवर घेऊन ती हळूहळू चोळत होती. कपडे सगळे करडे, फिकट. मागच्या पडद्यावरच्या पट्ट्या तिच्या खांद्यातून दिसत होत्या. शाई न दिलेल्या चित्रातून मागची भिंत दिसते, तशा. असं चित्र मी एकोणीस वर्षं रोज बघते, मला कुणी ओळख करून द्यायची गरज नव्हती.

तिनं मान वर केली आणि माझ्याकडे बघितलं. दचकली नाही. आईचा डोळा लागला होता, म्हणून तिनं ओठांवर बोट ठेवलं. मोठ्या माणसानं पोराला गप्प करावं तसं. माझ्या घरात, माझ्या आईपाशी, मलाच! डोक्यात तिडीक गेली, पण दार काही मी वाजवलं नाही. मी जिना उतरून रस्त्यावर आले आणि संध्याकाळपर्यंत कचेरीच्या वाटेवर इकडून तिकडे हिंडत राहिले.

त्यानंतर ती जास्त वेळ थांबू लागली. मला यायला पाच व्हायचे, पुढे पुढे मी जिन्यात असतानाच आतून दोघींचं हसणं ऐकू यायचं. किल्ली फिरवावी तर आत आई एकटी आणि दोन्ही कप अजून गरम. आईच्या गालांवर रंग आला होता. माझ्या हातचं मात्र ती दोन घास खायची आणि तोंड फिरवायची. "भूक नाही गं. दुपारी झालंय पोटभर."

एके दिवशी किल्ली फिरली, पण दार उघडेना. आतून साखळी घातली होती. मी दार वाजवलं.

"कोण आहे?" आतून आवाज आला. माझाच आवाज. फोनवर ध्वनिमुद्रित झालेला ऐकावा तसा, ओळखीचा आणि नकोसा.

मी काय उत्तर देणार? "मी" म्हणणार? मग आईचं बोलणं ऐकू आलं. "असेल कुणीतरी. जाईल."

मी पायरीवर बसले. अंगावर काटा आला होता आणि डोळ्यांतून पाणी येत होतं. दोन्ही एकदम. थोड्या वेळानं साखळी पडल्याचा आवाज झाला. आत गेले, आई एकटीच होती.

"उशीर केलास आज," ती म्हणाली.

"आत कोण होतं?"

"ती होय. गुणाची आहे."

"आई, कोण आहे ती?"

"मला काय विचारतेस? तूच पाठवलीस ना?" आईनं माझ्याकडे नीट बघितलं. "तू दमतेस गं. ती दमत नाही."

दुसरं कुणी असतं तर या वाक्यात माया ऐकली असती. मी ऐकलं ते इतकंच, की माझी गरज संपली. रात्रभर तेच वाक्य कानांत वाजत राहिलं. आईला भरवणं मला कधी गोड वाटलं नव्हतं, पण ते काम माझं होतं. ते असं दुसऱ्या कुणी उचलून न्यावं, तेही माझंच तोंड लावून, हे मला सहन होईना. पहाटेपर्यंत माझं ठरलं. जी परत आली नाही तिला परत आणायचं.

पुढचा अंक सात जणींचा होता. लांब्यानं परतीचं पान आणून टाकलं आणि तो चहाला गेला. मी दाराला कडी लावली, फोन बंद केला. सातही जणींना शाई दिली आणि डाव्या कोपऱ्यात, लांब्याच्या पेन्सिलीशिवाय, आठवी स्वतः काढू लागले. सव्वाबारा झाले होते. वेळ मी मुद्दाम निवडली होती. रात्री ती कुठे असते मला ठाऊक नव्हतं, दुपारी मात्र नक्की ठाऊक होतं. जिथे आहे तिथूनच तिला ओढून काढायचं होतं. मनात दुसरंही होतं, तेही सांगून टाकते. आईच्या डोळ्यांदेखत तिनं नाहीसं व्हावं, असं मला वाटत होतं.

चेहरा भरला. केस भरले. खांदे, कंबर, मूळ बाईच्या पाठीत शिरणारा एक पाय. दुसरा पाय मागे राहिला होता, त्याची टाच ओढली. हात जराही थरथरला नाही. एकोणीस वर्षांत इतकी सुबक रेघ मी काढली नव्हती. रेघेला रेघ मिळून टाच मिटली.

आणि ते सगळं माझ्यात आलं.

दीड महिन्याच्या दुपारी एका दमात आल्या. आईची बोटं माझ्या तळहातावर, आधी निर्जीव, मग जराशी हलणारी. आईनं सांगितलेल्या माझ्या लहानपणच्या खोड्या, ज्या मला तिनं कधीच सांगितल्या नव्हत्या. पलंगाच्या कडेला बसवलेली आई. खिडकीचा गज धरून उभी राहिलेली आई, घामानं निथळलेली, शिव्या देणारी, हसणारी. मग दोन पावलं. मग दारापर्यंत. आई मला म्हणत होती, "तिला बोलायचं नाही हं एवढ्यात." मी मान हलवत होते.

सगळ्यात शेवटी आजची दुपार आली, आत्ताची. आम्ही जिन्यात होतो. आईचा एक हात कठड्यावर, दुसरा माझ्या दंडावर. तिचा सगळा भार माझ्यावर होता आणि मला तो जड वाटत नव्हता.

"आज पाचच पायऱ्या," मी म्हणत होते.

"गप गं. पुढच्या आठवड्यात मला खाली फाटकापाशी उभं राहायचंय. ती कामावरून येईल ना, तेव्हा. बिचारी रोज रडवेली होऊन जिना चढते, मला पलंगावरून ऐकू येतं. बघ कशी दचकते मला उभी बघून. हसेल तरी एकदा." आईनं खालच्या पायरीकडे बघितलं. "धरलंयस ना घट्ट?"

"धरलंय."

तिनं कठड्यावरचा हात सोडला, पूर्ण माझ्यावर टेकली आणि पाय उचलला.

यापुढचं मला काहीच मिळालं नाही. त्याच क्षणी मी टाच मिटवली होती.