धुऱ्यातली कोळीण

कोळी म्हटला की माझं डोकं फिरतं. दिवाळीला जाळी काढायला झाडू घेतला की मी कुणाचं ऐकत नाही. आणि माझी थोरली जाऊ सुभद्रा, जिनं बावीस वर्षांत घरात उलट शब्द काढला नाही, ती मागच्या मे महिन्यात एका कोळिणीसाठी जेसीबीपुढे उभी राहिली.

तिवस्याजवळ आमचा संत्र्याचा बगीचा आहे. त्याच्या कडेचा गवताळ धुरा, म्हणजे बांध, सपाट करून झाडांची आणखी एक ओळ लावायची, असं माझ्या भासऱ्यांनी, म्हणजे सुभद्राबाईंच्या नवऱ्यांनी, पुंजारामजींनी ठरवलं होतं. मशीन आली आणि सुभद्राबाई धुऱ्यातल्या एका बिळापाशी ठाण मांडून उभ्या.

"इथं ती रायते. मी लग्न होऊन आली तवापासून."

पुंजारामजी हसले. "बावीस वर्सं? अवं, कोळी एक पावसाळा जगते. तू पाह्यली ते कवाच मेली. हे तिची पणती असन."

मीही हसले, खोटं कशाला सांगू? बाईंनी कनवटीला खोचून आणलेली लेकीची, प्रणालीची, बारशातली बांगडी काढून बिळाच्या तोंडावर ठेवली. बरोब्बर बसली.

"पयल्या साली इथं माह्यं जोडवं बसे. ती वाढली तसं घर वाढवत गेली."

प्रणाली आता अमरावतीला प्राणिशास्त्र शिकते. तिथल्या तिथं मी तिला फोन लावला आणि सगळ्यांना ऐकू येईल असा स्पीकरवर ठेवला.

"बाबा, संत्र्यावर जाळं विणते ना, ते एका हंगामात संपते. अंडे घातले का गेली. घरातली वर्ष-दोन वर्ष. पण बिळातली केसाळ मादी वीस वर्सं, त्याहून जास्त बी जगू शकते. नर मोठा झाला का जोडी शोधाले बाहेर पडते अन् लवकरच मरते. मादी घर सोडत नाई."

दर उन्हाळ्यात आम्ही तो धुरा जाळतो. म्हणजे हिच्या डोक्यावरून बावीस वेळा आग गेली! एवढंसं पोट, आठ पाय, आणि काय ही चिकाटी! मनापासून हात जोडावेसे वाटले.

पुंजारामजी मात्र अडूनच. "मंग? एका किड्यासाठी अख्खी ओळ सोडू? काहून?"

बाई खाली बघत बोलल्या. "पयल्या उन्हाळ्यात सासूबाईनं मले हा धुरा पेटवाले लावला. या घरात कोणी माह्याशी धड बोलत नोतं, तुमी बी नाई. दुसऱ्या दिवशी सकाळी पिशवी भरून अंजनगावले माहेरी निघाली होती. परत याचं नोतं. जाता जाता इथं थांबली. सारा धुरा काळाठिक्कर, अन् हे बिळाच्या दारात पाय बाहेर काढून बसली होती. मनात मनलं, हे राहू शकते, तर मी बी पाहीन एक साल."

पुंजारामजींना हे बावीस वर्षांत ठाऊक नव्हतं. हातानंच त्यांनी मशीन मागे घ्यायला सांगितली.

यंदाही धुरा पेटवला, ती रीत काही सुटत नाही. पण काडी ओढण्याआधी पुंजारामजी विळा घेऊन बिळापाशी बसले आणि भोवतालचं हातभर गवत त्यांनी स्वतः कापून काढलं.

"हाये न वं आत?" त्यांनी बाईंना विचारलं.

"हाये," बाई म्हणाल्या. "आता कुठं जाते?"